तंबूबाहेरून ऐकलेला सिनेमा

आजीच्या देव्हाऱ्यात ज्ञानेश्वरांची जी तसबीर होती, तिच्यातला चेहरा शाहू मोडकांचा होता. ‘प्रभात’ फिल्म कंपनीच्या ‘संत ज्ञानेश्वर’ या बोलपटाच्या गाण्यांची चोपडी कुणीतरी नगरहून आणली होती. तिचं मुखपृष्ठ कापून, मागे पुठ्ठा लावून चौकटीत बसवलं होतं. रोज सकाळी पांडुरंगाबरोबर त्या चित्रालाही गंध लागायचं. मोडक नगरचे आणि ख्रिस्ती घरातले, हे आजीला पक्कं ठाऊक होतं. शेजारच्या एका शास्त्रीबुवांनी त्यावरून काही बोलून पाहिलं, तेव्हा ती म्हणाली होती, “नगरचं पोरगं हाये ते. माउली त्याच्या तोंडून बोलली, मग आपुन कोन इचारनार?”

आमचं गाव नेवाशाकडचं, प्रवरेच्या अंगाला. ज्या खांबाला टेकून ज्ञानेश्वरी सांगितली गेली तो पैसाचा खांब आमच्या लहानपणीच्या भूगोलात बाजारपेठेइतकाच रोजचा होता. शके १२१२ हे साल आम्हा पोरांना स्वातंत्र्याच्या सालाआधी पाठ झालं. त्यामुळे १९४० साली ज्ञानेश्वरांवर बोलपट आला आणि त्यात माउलींचं काम नगरच्याच मुलाने केलं, ही बातमी आमच्या भागात घरातल्या लग्नासारखी फिरली असणार. आजी आणि तिच्या पिढीच्या बायका ती सांगताना अजून हरखायच्या.

नगरच्या ख्रिस्ती घरातला मुलगा अभंगाच्या वाटेवर कसा आला, याचं बाहेरच्यांना जितकं नवल वाटतं तितकं आमच्या वडीलधाऱ्यांना वाटत नसे. अमेरिकन मराठी मिशनने १८३१ साली नगरात पाय रोवले आणि त्यानंतरच्या काळात तिथल्या मराठी ख्रिस्ती लोकांनी उपासना आपल्या गळ्यातून करायला सुरुवात केली. कृष्णराव सांगळे नगरला ख्रिस्ती कीर्तनं करत, हातात चिपळ्या-वीणा घेऊन. पुढे रेव्हरंड ना. वा. टिळकांनी ओवी आणि अभंग ख्रिस्ताच्या पायी वाहिले. टाळ-मृदंग आणि देऊळ यांची जोडी सुटून टाळ-मृदंग आणि चर्च अशी जोडी नगरात आधीच जमली होती. मोडकांच्या यशाकडे मी या पार्श्वभूमीवर पाहतो. १९३२ साली, चौदाव्या वर्षी, भालजी पेंढारकरांच्या ‘श्यामसुंदर’मध्ये ते कृष्ण झाले. शांता आपटेंचाही तोच पहिला बोलपट. मुंबईत तो पंचवीस आठवडे चालला. नगरच्या गल्ल्यांतून गेलेला हा मुलगा आधी कृष्ण आणि मग ज्ञानेश्वर होऊन परत आला, तो तसबिरीत बसूनच.

पण ज्या माणसामुळे आजीला पडद्यावरचा ज्ञानेश्वर खरा वाटला, त्याचं नाव आमच्या घरात कुणी कधी घेतलं नाही. केशवराव भोळे. ‘संत तुकाराम’ त्यांचा, ‘कुंकू’ त्यांचा, ‘संत ज्ञानेश्वर’ त्यांचा, ‘रामशास्त्री’ त्यांचा. पंढरीच्या वाटेवर आणि काकड्याला आमच्या गावात जे गायलं जाई, त्यातलं किती ह्या माणसाच्या हार्मोनियमवरून आलेलं होतं, हे मला फार उशिरा उमगलं. तेव्हा सांगणारे बरेच जण गेले होते.

भोळ्यांचा जन्म १८९६ सालचा, अमरावतीचा. डॉक्टर होण्यासाठी मुंबईला आले आणि गाण्याच्या नादाने ते शिक्षण सोडून दिलं. मोठमोठ्या गवयांच्या मैफिली ऐकून त्यांच्याविषयी लिहिणारा, गाणं शब्दांत पकडू पाहणारा हा माणूस. ‘एकलव्य’ आणि ‘शुद्धसारंग’ ही त्यांची टोपणनावं. ऐकण्याची ही सवय त्यांना संगीतकार होण्याआधी लागली, हे मला महत्त्वाचं वाटतं. १ जुलै १९३३ रोजी ‘नाट्यमन्वंतर’ने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणलं, त्याचं संगीत भोळ्यांचं. त्या काळी नाटक म्हणजे पदांची रास, वन्समोअर आणि रात्रीची पहाट. या नाटकात पदं मोजकीच, तीही प्रसंगाच्या पोटातून आलेली. गायला ज्योत्स्नाबाई, गोव्यातल्या बांदोड्याच्या. त्या भोळ्यांच्या पत्नी. गाणं कधी थांबवायचं हे ज्याला रंगभूमीवर कळलं, त्याला व्ही. शांताराम, म्हणजे शांतारामबापू, यांच्या ‘प्रभात’मध्ये काम मिळालं. १९३४चा ‘अमृतमंथन’ हा भोळ्यांचा तिथला पहिला बोलपट.

आता माझ्या चुलत आजोबांकडे येतो, कारण ध्वनीची बाजू मला त्यांच्याकडून समजली. आम्ही त्यांना अण्णा म्हणत असू. तरुणपणी ते जत्रांच्या तंबूसिनेमात मदतनीस होते आणि पुढे नगरच्या एका गल्लीत रेडिओ-लाउडस्पीकर दुरुस्त करत बसायचे. मढीची कानिफनाथांची यात्रा, मोहट्याची देवी, नेवाशाचा मोहिनीराज, अशा ठिकाणी सुगीनंतर तंबू लागायचे. ट्रकमधून यंत्र यायचं, तेलावर चालणारं इंजिन तंबूपासून लांब नेऊन ठेवायचं म्हणजे त्याची धडधड आत कमी येते, पडद्याच्या मागे भोंगे बांधायचे. तिकीट काढून आत बसणारे एका बाजूला. आणि तंबूच्या कनातीला पाठ लावून बाहेर बसणारे त्याहून जास्त. आमच्या घरातल्या बायका बहुतेक वेळा बाहेरच असत. कडेवर पोर, पुढ्यात शिदोरी, आणि आतून येणारा आवाज. आजी कधीही ‘तुकाराम पाहिला’ म्हणाली नाही. ‘ऐकला’ म्हणायची. वर्षानुवर्षं तिने तो असाच ऐकला होता, आणि पडद्यावर काय चाललंय ते ती अचूक सांगायची: आता आवली तरातरा निघाली, आता सालोमालो आला.

ती सालोमालोला कशावरून ओळखायची? गाण्यावरून. तुकारामाचे शब्द सालोमालो आपले म्हणून गातो, पण गातो ते ताना मारून, ऐटीत, नाटकी थाटात. विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम तेच साधं म्हणतो, बोलता बोलता म्हटल्यासारखं, भजनात म्हणतात तसं. माणूस कोण, खरा की खोटा, हे चाल सांगते. संवादाची गरज पडत नाही. तंबूबाहेर अंधारात बसलेल्या निरक्षर बाईला हे आपोआप कळत होतं, याहून संगीतकाराला दुसरी पावती कोणती हवी?

अण्णांनी एकदा मला जुन्या पस्तीस मिलिमीटर फिल्मचा हातभर तुकडा दिव्यासमोर धरून दाखवला. चित्रांच्या चौकटींच्या शेजारी, भोकांच्या आतल्या बाजूला, अंगठ्याच्या नखाहून कितीतरी अरुंद अशी एक पट्टी. तिच्यात काळ्या-करड्या बारीक रेघा. “हा तुकाराम,” ते म्हणाले. यंत्रात एक छोटा दिवा या पट्टीवर उजेड सोडतो, पट्टीतून कमी-जास्त होत आलेला उजेड पलीकडच्या विजेच्या डोळ्यावर पडतो आणि त्याचा आवाज होतो. चित्र जिथे दिसतं तिथेच त्याचा आवाज नसतो. तो फिल्मवर वीसेक चौकटी पुढे छापलेला असतो, कारण चित्र यंत्रात थांबत थांबत सरकावं लागतं आणि आवाज मात्र सलग धावला पाहिजे. फिल्म तुटली की घाईत सांधणारा मदतनीस दोन-चार चौकटी खाऊन टाकायचा. त्या वेळी अभंगातला एखादा शब्दच नाहीसा व्हायचा. आणि सांधा दिव्यासमोरून गेला की भोंग्यातून फट्‌ असा आवाज. तो मारण्यासाठी अण्णा आवाजाच्या पट्टीवर सांध्यापाशी काळ्या शाईने एक चपटा त्रिकोण काढत. उजेड एकदम तुटण्याऐवजी हळूहळू मिटतो आणि हळूहळू उघडतो, मग फट्‌ होत नाही. ब्रश कसा धरायचा, शाई किती घट्ट, हे त्यांनी हातात ब्रश देऊन शिकवलं. “लोकांस्नी कळता कामा नये का हितं काय तुटलं व्हतं,” एवढीच त्यांची ध्वनिशास्त्राची व्याख्या.

या पट्टीवर ज्यांनी पहिल्यांदा मराठी आवाज उतरवला त्यांत विष्णुपंत दामल्यांचं नाव वरचं आहे. मूळचे पेणचे, कोल्हापूरला बाबूराव पेंटरांच्या हाताखाली तयार झाले. पडदे रंगवण्यापासून कॅमेऱ्यापर्यंत सगळं केलेलं. १ जून १९२९ रोजी ‘प्रभात’ सुरू झाली तेव्हा ते संस्थापकांतले एक. बोलपट आला तेव्हा शिकवायला कुणी नव्हतं. दामल्यांनी यंत्र उघडून, वाचून, चुकत-माकत ध्वनिमुद्रण आत्मसात केलं आणि १९३२च्या ‘अयोध्येचा राजा’चा आवाज धरला. तेव्हा पार्श्वगायन नव्हतं. नट कॅमेऱ्यासमोर गात आणि वाजवणारे चौकटीच्या बाहेर, कुठे झाडामागे, कुठे पडद्याआड बसत. एकाच वेळी गळा, पेटी, तबला आणि पाखरांचा कलकलाट, सगळं एका माइकवर. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने १९३५ साली पार्श्वगायनाची वाट पाडली आणि मग गाणं आणि चित्र वेगवेगळं करता यायला लागलं. त्याच सुमारास ‘प्रभात’मध्ये एक माणूस ध्वनिमुद्रण जाणणारा आणि दिग्दर्शनही करणारा, आणि दुसरा संगीतकार असून आधी श्रोता असलेला, असे दोघे एकत्र आले. ‘संत तुकाराम’चे दिग्दर्शक दामले आणि त्यांचे जोडीदार फत्तेलाल, आणि संगीत भोळ्यांचं, हा योग नशिबाचा नव्हता, तो त्या कंपनीच्या रीतीतून आला.

‘संत तुकाराम’ १९३६च्या डिसेंबरात लागला. मुंबईच्या सेंट्रल टॉकीजमध्ये सत्तावन्न आठवडे चालला आणि पुढच्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला, हे सगळे सांगतात. माझे आजोबा मात्र वेगळंच सांगायचे. ते गावच्या भजनी मंडळात विणेकरी होते. त्यांच्या मते तो बोलपट आल्यावर भजनात भांडण लागलं. सिनेमात शांताराम आठवल्यांनी रचलेलं एक गीत होतं, बीज, रोप आणि झाड यांच्या दाखल्यातून देवाचं एकपण सांगणारं. ते इतकं तुकोबांच्या बोलीतलं की जाणत्या मंडळींनीही ते गाथेत शोधलं, ही गोष्ट पुण्या-मुंबईत प्रसिद्ध आहे. आमच्या गावात गाथा शोधायला कुणी गेलं नाही. त्यांनी ते सरळ काकड्यात घेतलं. म्हातारे विणेकरी अडून बसले की हे तुकोबांचं नव्हे, नवीन पोरं म्हणाली की चाल तर आपलीच आहे. आणि पोरांचं खरं होतं. भोळ्यांनी वारकऱ्यांच्या भजनाचा बाज उचलला, त्याला फुगवलं नाही, आणि तो बाज पडद्यावरून परत भजनात आला. आजोबा स्वतः कोणत्या बाजूला होते हे त्यांनी कधी सांगितलं नाही. गात मात्र ते शेवटपर्यंत होते, डोळे मिटून.

बाहेरचा आवाज घेऊन तो बाहेरच्यांना परत देणं हे या संगीतकाराच्या कामाचं एक टोक. दुसरं टोक ‘कुंकू’. साल १९३७. कथा ना. ह. आपट्यांची, ‘न पटणारी गोष्ट’; दिग्दर्शन शांतारामबापूंचं. म्हाताऱ्या काकासाहेबांशी फसवून लग्न लावलेली नीरा, आणि तिने त्या लग्नाला दिलेला नकार. या बोलपटाला पार्श्वसंगीत नाही. संगीतकाराने पार्श्वसंगीत काढून टाकलं म्हणजे त्याचं काम कमी झालं असं कुणाला वाटेल. उलट ते दुप्पट झालं, कारण जे काही ऐकू येतं ते त्या घरातून, त्या रस्त्यावरून, त्या माणसांच्या हातून आलं पाहिजे. गाण्याला साथ हवी तर ती कुठून येते ते दिसलं पाहिजे: ग्रामोफोन, रस्त्याने गात जाणारा भिकारी. आणि ते भिंतीवरचं घड्याळ. ‘कुंकू’ मी पहिल्यांदा मोठ्या पडद्यावर पाहिला तेव्हा माझ्या अंगावर काटा आला तो कुठल्या स्वराने नाही. खोलीतल्या दोन माणसांत बोलण्यासारखं काही उरलेलं नाही आणि घड्याळ चाललेलं आहे, याने आला. वाद्यांनी तिथे दुःख वाजवलं असतं तर मला नीरेची कीव आली असती. न वाजवल्यामुळे तिच्यासोबत त्या खोलीत बसावं लागलं.

मी हा अनुभव अण्णांना सांगितला. त्यांनी ‘कुंकू’ यंत्राशेजारी उभं राहून पाहिला होता. म्हणाले, तंबूत तो चालवणं फार अवघड. एरवी इंजिनाची धडधड गाण्याखाली लपते, ‘कुंकू’त ती लपायला जागाच नाही. मग त्यांनी इंजिन आणखी लांब, ओढ्याच्या पलीकडे नेलं आणि वायर वाढवली. बाहेर बसलेल्या बायकांची तक्रार आली: आत काहीच चालत नाही का? आणि थोड्या वेळाने तक्रार थांबली. त्या घड्याळ ऐकत होत्या. आमच्या पंचक्रोशीत तेव्हा भिंतीवरचं घड्याळ असलेली घरं मोजकी होती, तरी ते घड्याळ काय म्हणतंय हे त्या बायकांना दुसऱ्या कुणी समजावून द्यायची गरज नव्हती. त्यांतल्या कितीतरी जणी बिजवराच्या घरी दिलेल्या होत्या.

‘संत ज्ञानेश्वर’मध्ये ध्वनीपुढचा पेच उलटा होता. इथे चमत्कार करायचे होते. भिंत चालवणं कॅमेऱ्याचं काम. ‘प्रभात’च्या मंडळींचा त्यात हात धरणारा कुणी नव्हता. पण पैठणला रेड्याच्या तोंडून वेद येतात तो चमत्कार कानाचा आहे. आवाज जरा खोटा वाटला की सगळं हसण्यावारी जाणार. आमच्याकडे तो प्रसंग आला की तंबूबाहेरचे लोक उठून उभे राहायचे, असं आजी सांगायची. मला त्याहून मोलाचं वाटतं ते मोडकांच्या आवाजाचं वजन. भोळ्यांनी त्यांना संतपणाचा जड, घुमता सूर लावू दिला नाही. एकवीस-बावीस वर्षांच्या मुलाचा मऊ आवाज तसाच ठेवला. ज्ञानेश्वर गेले तेच मुळी त्या वयात. ख्रिस्ती की हिंदू हा प्रश्न आजीपुढे उभाच राहिला नाही, कारण तिच्या कानावर जे पडलं ते एका कोवळ्या पोराचं बोलणं होतं, आणि तिचा एक कोवळा पोर प्लेगच्या साथीत गेलेला होता. हे तिने कधी जोडून सांगितलं नाही. मी जोडतो आहे.

पुढचं भराभर सांगतो. दामले १९४५ साली गेले. ‘रामशास्त्री’ १९४४चा, त्यानंतर ‘प्रभात’चं तेज ओसरत गेलं, १९५३ साली कंपनी मिटली. १९६० मध्ये त्याच आवारात सरकारने चित्रपटाची शाळा काढली. तिथे १९६५ पासून पंधरा वर्षं भास्कर चंदावरकर विद्यार्थ्यांना संगीत शिकवत होते: रविशंकरांचे शिष्य, ‘घाशीराम कोतवाल’चे संगीतकार. भोळे १९७७ पर्यंत हयात होते. आपल्या कामाचा हिशेब त्यांनी ‘माझे संगीत’ या पुस्तकात स्वतः मांडून ठेवला. रचना करणाऱ्याने कशी विचारपूर्वक एकेक गोष्ट ठरवायची असते याचं इतकं प्रांजळ पुस्तक मराठीत विरळाच. ज्या जागेत त्यांनी पार्श्वसंगीताला नकार दिला, तिथे त्यांच्या हयातीतच पोरांना चित्रपटातला आवाज कसा ऐकायचा ते शिकवलं जात होतं.

आणि धागा पुन्हा आमच्या जिल्ह्यात येतो. जामखेडचे रामदास फुटाणे यांनी १९७५ साली ‘सामना’ काढला; लेखन तेंडुलकरांचं, दिग्दर्शन जब्बार पटेलांचं, संगीत चंदावरकरांचं. साखर कारखान्याच्या सत्तेत एक माणूस नाहीसा झाला आहे आणि एक दारुडा मास्तर त्याच्याविषयी एकच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतो. आमच्या भागात त्या चित्रपटाला कुणी कथा म्हटलं नाही. प्रवरानगरला सहकारी कारखाना १९५०च्या सुमाराला उभा राहिला, त्यानंतर पंचवीस वर्षांत ज्यांच्या शेतावरून ट्रॉल्या गेल्या त्यांना ‘सामना’तला कारखानदार हिंदुराव धोंडे पाटील कोण हे विचारावं लागत नव्हतं. अण्णा तेव्हा दुकानात बसत. त्यांचं म्हणणं असं की या पिक्चरमधला सगळ्यात मोठा आवाज त्या एका प्रश्नाचा आहे, बाकी सगळं त्याच्या मागे उभं राहतं. चंदावरकरांनी ते त्याच्या मागेच उभं ठेवलं.

त्यानंतर पस्तीसेक वर्षांनी करमाळ्याच्या जेऊरचा एक तरुण नगरच्या न्यू आर्ट्स, कॉमर्स अँड सायन्स कॉलेजात संज्ञापन शिकायला आला आणि शिकता शिकता त्याने ‘पिस्तुल्या’ हा लघुपट केला. नागराज मंजुळे. ‘पिस्तुल्या’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, २०१३ मध्ये ‘फँड्री’ आला. त्याचं पार्श्वसंगीत अलोकनंदा दासगुप्तांचं. पण ज्या प्रसंगात मला भोळे आठवतात तिथे त्या संगीताची गरज पडली नाही. डुक्कर पकडायला ‘फँड्री’चा नायक जब्या आणि त्याचं घर धावतं आहे, डुक्कर हातातोंडाशी आलं आहे, आणि शाळेतून राष्ट्रगीत सुरू होतं. सगळे जागच्या जागी ताठ उभे. डुक्कर निघून जातं. गीत कुणी बाहेरून लावलेलं नाही. गावातल्या शाळेचं आहे, रोजच्यासारखं. ‘कुंकू’तलं घड्याळ जसं त्या घराचंच होतं.

अण्णा ‘फँड्री’ पाहायला राहिले नाहीत. त्यांच्या हाताखाली शिकलेला, आता नगरमध्ये लग्नाच्या मांडवात साउंड लावणारा एकजण माझ्याबरोबर होता. चित्रपट संपल्यावर तो कथेविषयी काही बोलला नाही. राष्ट्रगीताचा तो आवाज दूरच्या शाळेतल्या खराब भोंग्यातून येतो तसा कसा मिळवला असेल, नेऊन भोंग्यातूनच वाजवला की नंतर मशीनवर केला, यावर तो बसस्टँडपर्यंत बोलत राहिला, आणि मी ऐकत राहिलो.